ठमीच्या लग्नाचा तांदूळ

माझं तोंड फटकळ आहे, हे आमच्या गावात कोणीही सांगेल. रेशनच्या दुकानात बसायचं तर तसंच तोंड लागतं. दोनशे ऐंशी कार्डं, एक वजनकाटा आणि अंगठा घ्यायचं एक मशीन. त्या मशीनला रेंज मिळाली तर मिळाली, नाहीतर ते कडेवर घेऊन रस्त्यापर्यंत जायचं. त्यात प्रत्येकाला वाटतं की चंद्रावती आपल्यालाच दाणे कमी मापते. पण मी सांगणार आहे ते माझ्या फटकळपणामुळे झालं नाही. मी एक शब्द नीट, गोड बोलले, त्यामुळे झालं.

आमचं गाव पेण तालुक्यात, गडबच्या अलीकडे, हायवेपासून आत. आधीच्या दुकानदाराचा परवाना रद्द झाला तेव्हा ते दुकान आमच्या बचत गटाला मिळालं. एक आठवडा मी बसायची, एक आठवडा गटातली पुतळी. दाण्याची चोरी आम्ही कधी केली नाही. गावाच्या मागे डोंगराला कातकरवाडी आहे, चाळीस घरांची. तिथली ठमी अंत्योदय कार्डाची. ह्या कार्डावर घरात माणसं किती का असेनात, महिन्याला पस्तीस किलो धान्य मिळतं. आमच्याकडे त्यात पंचवीस किलो तांदूळ आणि दहा किलो गहू येतो. वर एक किलो साखर. धान्य फुकट झालं त्याच्या पुढच्या वर्षीची ही गोष्ट आहे.

ठमी साठीची असेल. घरात ती आणि मोतीराम, दोघंच. दोन मुलं झाली होती, एकही जगलं नाही. मोतीरामने उमेदीची सगळी वर्षं कोळशाच्या भट्ट्यांवर घालवली, आणि भट्टीने त्याची छाती घेतली. दोन पावलं चालला की खाली बसायचा आणि वर मलाच चिडवायचा, "चंद्राबाय, तू व्हय फुडं, मी मोजतोय तुजी पावलं."

या दोघांचं लग्न झालं नव्हतं. तुम्ही भुवया उंचावू नका. त्यांच्या वाडीत मुलगा-मुलगी घर मांडतात, संसार करतात, कोणी वाकडं बोलत नाही. लग्न मात्र तेव्हाच, जेव्हा सगळ्या वाडीला एक वेळ पोटभर भात घालता येईल. पेज नाही, नाचणी नाही, भात. कोणाला ते दोन वर्षांत जमतं, कोणी पोराच्या लग्नात आपलंही उरकून घेतो. ठमीला चाळीस वर्षांत जमलं नव्हतं. तांदूळ साठायचा आणि पावसाळ्यात पोटात जायचा. त्यामुळे ठमी ही मोतीरामची घरधनीण होती, पण बायको नव्हती. हळद लागल्याशिवाय त्यांच्यात बायको म्हणत नाहीत.

त्या वर्षी दसऱ्याच्या सुमारास पेणच्या सरकारी दवाखान्यात मोतीरामला तपासून डॉक्टरने ठमीला बाजूला घेऊन सांगितलं की आता फार दिवस धरू नका. ठमी डोंगर चढून घरी गेली आणि तिने ठरवलं, हा जायच्या आत हळद लावून घ्यायची. हे तिने मला सांगितलं नाही. कशाला सांगेल? मी तिची कोण?

कार्तिकात ती दुकानात आली. माझा आठवडा होता. अंगठा लावला आणि म्हणाली, "बाय, गहू दे, साखर दे. तांदूळ ऱ्हाव दे."

"का गो? उचलत नाय?"

"मागाहून नेईन. शिल्लक ठेव."

मशीनमधून पावती आली. त्यावर छापलेलंच होतं, तांदूळ, शिल्लक पंचवीस. मी तिला वाचून दाखवलं. "ह्ये बघ, शिल्लक हाय तुजा तांदूळ. पंचीस किलो." तिने पावतीची घडी केली आणि कनवटीला लावली.

मला वाटलं, एवढं ओझं डोक्यावर घेऊन डोंगर चढायचा, म्हातारी दोन खेपा करील. दोन-चार दिवसांनी येईल, तेव्हा पुतळी असेल. पुतळीला वाटलं, चंद्रावतीच्या आठवड्यात नेला असेल. पुढच्या महिन्यात पुन्हा तेच झालं, आणि त्याच्या पुढच्या महिन्यातही. "तांदूळ शिल्लक हाय ना, बाय?" ती विचारायची. मी मशीनकडे बघायची, त्यात त्या महिन्याचा पंचवीसचा आकडा असायचा, आणि मी म्हणायची, "हाय, हाय." दुकानात तेव्हा पंधरा जणी उभ्या असायच्या. माझं सगळं लक्ष काट्यावर.

चालू महिन्याचे धान्य चालू महिन्यातच उचलावे, अशी पाटी आमच्या दुकानात आहे. पोत्यांची थप्पी लागली की ती पाटी मागे जाते. आणि समोर असती तरी ठमीला वाचता कुठे येतं.

वैशाखात ती आली ती पाच रिकामी पोती घेऊन. बरोबर वाडीतल्या दोन बाया आणि मोतीरामची बहीण पारी. पारी रोह्याकडच्या वाडीत दिलेली, सकाळच्या गाडीने कासू स्टेशनला उतरून चालत आली होती. मोतीरामही आला होता, बाहेर रस्त्याच्या मोरीच्या कठड्यावर धापा टाकत बसला होता. सगळ्यांचे चेहरे सणाला निघाल्यासारखे.

"बाय, तांदूळ न्यायला आलूं," ठमी म्हणाली. "सा महिन्यांचा."

मी हसले. अजून ते हसणं मला माझ्याच कानात ऐकू येतं आणि लाज वाटते. म्हटलं, "सा महिन्यांचा? येडी का खुळी? सा महिन्यांचा कुठना आणू?"

ठमी पण हसली. तिला वाटलं मी थट्टा करते. मग तिने लुगड्याच्या पदरातून पत्र्याची डबी काढली आणि उघडून काट्यावर ठेवली. आत सहा पावत्या होत्या. डबी तिने चुलीच्या वरच्या फळीवर ठेवली होती, उंदरांच्या भीतीने. रेशनच्या पावतीचा कागद उष्णतेला काळा पडतो. सहाही पावत्या कोळशासारख्या काळ्या झाल्या होत्या, त्यावर एक अक्षर दिसत नव्हतं.

"लिवलेलं हाय सगलं," ती म्हणाली. "तूच वाचून दाखवलंस. पंचीस, पंचीस, पंचीस. पारीनं हिशोब केलान. दीडशे किलो व्हतात. चार दिवसांनी हलद हाय आमची. तुला बी यायचंय."

पारीने पुढे होऊन माझ्या हातावर हळद लावलेले तांदळाचे चार दाणे ठेवले. त्यांच्यात असं आवतण देतात.

मी पोत्यावर बसले आणि तिला सांगायला लागले. कसं सांगितलं ते आठवत नाही. एवढं आठवतं की तीन वेळा सांगावं लागलं. ज्या महिन्याचं धान्य त्या महिन्यातच न्यावं लागतं. महिना संपला की तुझा हक्क संपतो. शिल्लक म्हणजे त्या महिन्यापुरतं शिल्लक. पुढच्या महिन्यात मशीन नवं पंचवीस दाखवतं, जुनं धरत नाही.

"मंग त्यो तांदूळ गेला कुठं?" ठमीने विचारलं.

हे मात्र मला सांगता येत होतं आणि ते सांगणं सगळ्यात वाईट होतं. तांदूळ कुठे गेला नव्हता. तो इथेच दुकानात होता, महिना संपेपर्यंत तिच्या नावाने, आणि महिना संपल्यावर दुकानाच्या नावाने. दुकानाचा उरलेला साठा पुढच्या महिन्यात धरला जातो, तेवढा ट्रकमधून कमी येतो. म्हणजे दुकानाचं शिल्लक चालतं, ठमीचं चालत नाही. तिचा तांदूळ पुढच्या महिन्यात दुसऱ्या कोणाच्या पिशवीत गेला. महिनाअखेर साठा उरलेला बघून पुतळी आणि मी खूशच व्हायचो, की चला, माप बरोबर आलं, कमी पडलं नाही.

"म्हंजे लोकांनी खाल्ला?"

"व्हय."

तिने डबी बंद केली. मग म्हणाली, "खाल्ला ना मानसांनी. उंदरांनी तं नाय खाल्ला."

तिने मला शिव्या दिल्या असत्या तर मी चार परत दिल्या असत्या आणि मोकळी झाले असते. पण ती आपल्या आईचं सांगायला लागली. म्हणाली, "माजी आय तुमच्या शेतावं कापनीला यायची. मजुरीचं भात घरी न्यायची नाय, घरी ऱ्हात नसं. तुजी सासू धोंडुबाय कनगीत ठेवायची. चार चार महिने. आय इचारायची, माजं भात शिल्लक हाय ना? धोंडुबाय म्हनायची, हाय. आन ते असायचं. एक दाना कमी नाय व्हयाचा."

खरं होतं ते. सासूबाईंच्या कणगीत वाडीतल्या सहा-सात घरांचं भात असायचं, आणि कोणाचं किती हे सासूबाईंना तोंडपाठ असायचं. आमच्या घराच्या तोंडून 'शिल्लक' हा शब्द ठमीने लहानपणापासून ऐकला होता. म्हणून तर तिने माझ्या शब्दावर सहा महिने भात खाल्ला नाही. खेकडे, कंद, गव्हाच्या भाकऱ्या, कोणी दिली तर नाचणी. आजारी माणसाला गव्हाची पेज. आणि तांदूळ सगळा लग्नासाठी, माझ्या मशीनमध्ये.

दुसऱ्या दिवशी मी पेणला गेले. मिनिडोर रिक्षात दीड तास अंग चेंबून बसले आणि रस्ताभर मनात भांडत गेले. तहसीलमध्ये पुरवठ्याच्या टेबलाला हैबतराव म्हणून कारकून होते. माणूस वाईट नाही. चहा मागवला, सगळं ऐकून घेतलं, मशीनचा रिपोर्टही काढून पाहिला.

"वहिनी," ते म्हणाले, "धान्य माणसाच्या नावावर नसतं, महिन्याच्या नावावर असतं. महिना बंद झाला की मलाच काय, वरच्या साहेबांनाही तो उघडता येत नाही."

मग मी तोंड सोडलं. म्हातारीचं लग्न तुमच्या महिन्यामुळे अडलं, तुमच्या पावतीवर शिल्लक छापता तर ते पाळा, नाहीतर छापू नका. शेजारच्या टेबलावरची माणसं उठून बघायला लागली. हैबतरावांनी मला पुरतं बोलू दिलं. मग हळूच विचारलं, "पण तुम्ही तिला सांगितलं नव्हतं का? दुकानात तुम्हीच बसता ना?"

मी चहा तसाच ठेवून उठले. बाहेर गणपतीच्या कारखान्यांच्या गल्लीत बिनरंगाच्या मूर्ती उन्हात मांडल्या होत्या, त्यांच्या मधून वाट काढत स्टँडवर आले आणि तिथे बाकावर बसून रडले. मला कोणी ओळखत नव्हतं ते बरं झालं.

संध्याकाळी वाडीवर चढले. म्हटलं, चालू महिन्याचा पंचवीस किलो आहेच. बाकीचा आम्ही गटातल्या बायका घराघरातून गोळा करू, तुमची हळद ठरल्या दिवशी होऊ द्या. ठमीने मोतीरामकडे पाहिलं. तिच्या डोळ्यात होतं की हो म्हणावं.

मोतीराम खाटेवर बसला होता, उशाशी टेकून. म्हणाला, "मागून आनलेल्या तांदलानं जेवन घातलं तं वाडी म्हनंल, नवरी बी मागून आनलीन." आणि आपल्याच विनोदावर हसायला लागला, हसता हसता खोकला आला, ठमीने पाठ चोळली. खोकला थांबल्यावर म्हणाला, "चाली वर्षं थांबलो, सा महिने काय! आता दर महिन्याला उचलू, घरात ठेवू. दिवालीनंतर हलद."

खरं सांगते, त्या वेळी मला जरा सुटल्यासारखं वाटलं. दारोदार तांदूळ मागायचं माझं टळलं होतं. मी जास्त आग्रह केला नाही. करायला हवा होता. त्याच्या मानापायी मी गप्प बसले असं मी लोकांना सांगते, पण ते सगळं खरं नाही.

पारी परत रोह्याला गेली. वाडीतल्या घरोघरी वाटलेल्या अक्षता ठमीने परत मागितल्या नाहीत.

त्या महिन्यापासून तांदूळ मी स्वतः पोचवायला लागले. माझ्या पुतण्याच्या मोटारसायकलवर वाडीच्या पायथ्यापर्यंत, आणि तिथून वर ठमी आणि मी अर्धा अर्धा. वैशाखाचा, ज्येष्ठाचा, आषाढाचा. ठमीने झोपडीच्या कोपऱ्यात, माळ्याखाली, विटांवर फळी टाकून पोती रचली होती. त्यातला दाणा ती शिजवत नव्हती. मी मोतीरामसाठी घरून वेगळा भात न्यायची डब्यातून, तो तेवढा खायचा. ठमी म्हणायची, "पंच्यात्तर झाला. आनिक तीन महिने." ती हे फार आनंदाने म्हणायची.

श्रावणात, पावसाने चार दिवस डोंगर धरून ठेवला होता तेव्हा, मोतीराम गेला. दुपारी गेला. वाट वाहून गेली होती, मला दुसऱ्या दिवशी कळलं.

मी पोचले तेव्हा त्याला पुरून माणसं परतली होती. बाया ठमीभोवती बसल्या होत्या. तिच्या हातात हिरव्या बांगड्या तशाच होत्या. त्या कोणी फोडल्या नव्हत्या. वाडीतल्या जाणत्या बाईने, सीताबाईने मला बाजूला घेऊन सांगितलं, "हलद नाय ना लागली. तिला हात लावता येत नाय आमाला. आमाला बी वाईट वाटतंय गो." ठमी एका हाताने दुसऱ्या हातातल्या बांगड्या धरून बसली होती आणि एकेकीच्या तोंडाकडे बघत होती, कोणीतरी पुढे येईल म्हणून.

मोतीरामच्या दिवसांच्या जेवणाला तो पंच्याहत्तर किलो तांदूळ निघाला. सगळी वाडी जेवली. पारीकडचे रोह्याचे लोक जेवले, मी जेवले, पुतळी जेवली. भात उरला. ठमी स्वतः वाढत होती आणि प्रत्येकाला म्हणत होती, "घे अजून, पोटभर खा." चाळीस वर्षं जे जेवण तिला घालायचं होतं ते तिने घातलं. ते मोतीरामच्या नावाने घातलं, एवढाच फरक.

भाद्रपदात गणपती गेल्यावर ती दुकानात आली. माणूस गेला की त्याचं नाव कार्डावरून कमी करायचं असतं, त्याचा अर्ज मी भरून देते. दुकान रिकामं होतं. मी तिला आत स्टुलावर बसवलं आणि कार्ड उघडलं. कार्डात घरातली मोठी बाई कुटुंबप्रमुख असते, म्हणजे ठमी. खाली मोतीरामचं नाव, आणि नात्याच्या रकान्यात एक शब्द.

"काय लिवलंय त्याच्या फुडं?" तिने विचारलं.

"पती."

"म्हंजे?"

"नवरा."

तिने कार्ड माझ्या हातातून घेतलं. उलटं धरलं होतं, मी सुलटं केलं. "कवापास्नं लिवलंय?"

"कार्ड झालं तवापास्नं. धा-अकरा वर्षं झाली."

"कोनी सांगितलं नाय," ती म्हणाली. बराच वेळ त्या शब्दावर बोट ठेवून बसली. मग म्हणाली, "तुज्या अर्जात मी कोन?"

अर्जदाराचे मयताशी नाते, असा रकाना होता. मी लिहिलं, पत्नी. तिला वाचून दाखवलं. "बायको," म्हटलं.

"वाडीत तसं नाय म्हनत."

"हितं म्हनतात."

तिने अंगठा दिला. उठता उठता थांबली आणि विचारलं, "ह्या अर्जानं त्याचं नाव गेलं, तं मंग त्यो शबुद बी जातो का ऱ्हातो?"

'ऱ्हातो गो' एवढं माझ्या अगदी ओठावर आलं होतं. मी ते गिळलं. म्हटलं, "मला म्हाईत नाय ठमे. पेनला जाऊन इचारते."

"इचार," ती म्हणाली, आणि महिन्याचा तांदूळ डोक्यावर घेऊन गेली.

दुसऱ्या दिवशी मी हैबतरावांसमोर उभी राहिले आणि विचारलं. त्यांना प्रश्न दोनदा सांगावा लागला. मग म्हणाले, "अहो, नाव कमी केलं की ती पूर्ण ओळच जाते. नाव, वय, नातं, सगळं. नवीन प्रिंटमध्ये काही येत नाही."

"आणि नाव तसंच राहिलं तर?"

"तर तुमचं दुकान अडचणीत. पण अंत्योदय आहे म्हणता ना? मग धान्यात तसा फरक नाही पडत, पस्तीसच. तरी नियम तो नियम. द्या, अर्ज आणलाय ना?"

पाच वर्षांत मी त्या टेबलावर एकही कागद खोटा ठेवला नव्हता. अर्ज माझ्या पिशवीत होता, घडी केलेला, ठमीच्या अंगठ्याची शाई अजून ताजी.

"नाही हो," मी म्हटलं. "घरीच विसरले."